प्रेमलाबाईंच्या तेराव्याचं आवतण

विश्रांतवाडी सोडून आळंदी रस्त्याने पुढे गेलं की आत एक उघडा माळ लागायचा. झाड औषधापुरतं, गवत मात्र कमरेइतकं. त्या माळावर कुसळेवाडी. मी तिथल्या शाळेत शिकवायला गेलो, तेव्हा सगळं गाव एका लग्नाच्या मांडवात मावत होतं.

गावात कुणाकडे जेवण असलं की आवतण द्यायचं काम सर्जेरावांकडे. उंच माणूस, जरा पुढे वाकून चालणारा, एरवी बोलायला कंजूष. पण दारापुढे उभे राहिले की आवाज स्वच्छ लागायचा. "भैरूच्या घरी बारसं हाय. चूलबंद आवतण!" चूलबंद म्हणजे घरातल्या सगळ्यांनी यायचं, आलेल्या पाहुण्यासकट, त्या वेळी घरची चूल पेटवायची नाही. ज्या दारात ही हाक गेली ते दार गावाचं, असा नियम होता. आणखी एक नियम असा, की ज्याच्या घरी कार्य त्याने स्वतः हाक द्यायची नाही. सर्जेरावांच्या घरी काही असलं की भैरू फिरायचा.

नव्वदनंतर माळाला भाव आला. कंपन्यांच्या काचेच्या इमारती उठल्या. लोकांनी जमिनी दिल्या आणि विश्रांतवाडीत, खडकीला फ्लॅट घेतले. भैरू मुलाकडे गेला तो तिकडचाच झाला. घरांच्या परसात पत्र्याच्या खोल्या आल्या आणि त्यांत गवंडी, रखवालदार, ड्रायव्हर, कंपनीतली पोरं राहू लागली. माणसं कितीतरी पटीने वाढली. तरी "गावात आता कोण कोण आहे?" असं मी विचारलं की सर्जेराव म्हणायचे, "आमी दोघं."

दोघं म्हणजे ते आणि त्यांच्या पत्नी प्रेमलाबाई. दोन हजार चारच्या उन्हाळ्यात प्रेमलाबाई झोपेतच गेल्या.

सर्जेराव रडले नाहीत. मी रोज जाऊन त्यांच्याजवळ बसायचो. चहा यायचा, निवून जायचा. माणसं बोलत, ते ऐकत नसत. दहावा झाल्यावर त्यांचा मुलगा विश्वजीत म्हणाला, "आबा, तेराव्याचं सगळ्यांना मोबाइलवर कळवलंय. आचाऱ्याला शंभर पानं सांगितली." विश्वजीत कंपन्यांना गाड्या पुरवतो, विश्रांतवाडीत राहतो.

"हाक कोण देणार?" सर्जेरावांनी विचारलं.

"हाक कशाला? मेसेज गेलेत ना."

"तिनं उभ्या गावाला वाढलं. तिच्या जेवणाला हाक न्हाई?"

"मग मी फिरतो."

"तू घरचा. चालत न्हाई."

मी म्हणालो, मी जातो. त्यांनी माझ्या काठीकडे पाहिलं. "गुरुजी, तुमी बसा."

मागच्या खोलीत ऋतुजा राहायची. परभणीकडची मुलगी, कॉल सेंटरात कामाला. प्रेमलाबाई तिच्या डब्यात चटणी घालत. ती दारात उभी राहून ऐकत होती. "आबा, मी देऊ? रात्रभर फोनवर लोकांना हाका मारायचंच काम करते. तिथे शिव्या देऊन फोन ठेवतात, इथे निदान जेवायला येतील."

सर्जेरावांनी तिला शब्द सांगितले. तिने दोनदा म्हणून दाखवले आणि निघाली. गावाची दारं कुठली, हे तिला कुणी सांगितलं नाही. ते सांगावं लागतं, हेच आम्हाला सुचलं नाही.

तेराव्याला फ्लॅटमधले थोडे आले. इतरांचे फोन आले, की आज सुट्टी नाही. मग पत्र्याच्या खोल्या येऊ लागल्या. गवंडी बायकामुलांसह, रखवालदार गणवेशात, गळ्यात ओळखपत्र अडकवलेली पोरं. एक ड्रायव्हर सकाळीच गावाहून आलेल्या मेव्हण्याला घेऊन आला.

"ऋतुजा, हे कोण सगळे?" विश्वजीतने तिला बाजूला घेतलं. "कुणाला सांगितलंस तू?"

"सगळ्या दारांना."

"अगं, गावाला सांगायचं होतं!"

"मग ही दारं कुठली?"

आचारी आला. "साहेब, भात संपत आलाय. मागच्यांना परत पाठवू का?"

सगळे सर्जेरावांकडे बघू लागले. ते खांबाला टेकून उभे होते. त्यांनी ऐकलं की नाही, हेच कळेना. मग म्हणाले, "पोरी, हाक दिलीस त्यांच्या दारात?"

"दिली, आबा. चुकलं का माझं?"

"चूलबंद म्हणालीस?"

"तुम्ही सांगितलं तसंच."

"मग त्यांच्या घरी आज काय शिजलं न्हाई." ते आचाऱ्याकडे वळले. "आधण ठेवा. परत कुणाला लावू नका."

विश्वजीत रागातच गाडी काढून तांदूळ आणायला गेला. पोतं मात्र मोठं आणलं.

शेवटची पंगत बसली तेव्हा ऊन उतरलं होतं. सर्जेराव रखवालदार आणि त्या ड्रायव्हरच्या मेव्हण्यामध्ये बसले. मेव्हण्याने विचारलं, "कोण गेलं हो?"

"आमची मंडळी."

त्याने आपल्या पानातला लाडू सर्जेरावांच्या पानात ठेवला. सर्जेरावांनी तो मोडला, थोडा खाल्ला. मग भाताचा घास घेतला.

"मीठ कमी हाय," ते म्हणाले.

ऋतुजा मीठ घेऊन आली. त्यांनी ते कालवलं आणि खाली मान घालून पान संपवलं.