दादांनी पायी पाहिलेलं बीड

डॉक्टरांनी रोज तासभर चालायला सांगितलं होतं, आणि दादांनी मैदानाला फेऱ्या मारायला साफ नकार दिला.

"घाण्याचा बैल हाय का मी?" ते म्हणाले. "चालायचंच हाय तर कुठंतरी जाईन. फिरून फिरून त्याच जाग्यावर कावून येऊ?"

दादा म्हणजे माझे वडील. तीस वर्षं एसटीच्या लाल गाडीवर कंडक्टर होते. निवृत्त होऊन वर्षही झालं नव्हतं तोच अर्धांगवायूचा झटका आला आणि डावा पाय ओढत चालायची पाळी आली. आई आधीच गेलेली. घाटनांदूरच्या घरी त्यांच्याजवळ कुणी नव्हतं, म्हणून मी त्यांना बीडला माझ्या खोलीवर आणलं. मी तेव्हा सहकारी दूध संघात दुधाची फॅट तपासायच्या कामावर होते. दुष्काळाचं ते लागोपाठ तिसरं वर्ष. चारा नाही, पाणी नाही; लोकांनी जनावरं छावणीत नेऊन बांधली होती, नाहीतर बाजार दाखवला होता. एरवी दुपार उलटली तरी न संपणारं काम सकाळी दहालाच आटपायचं आणि आम्ही रिकाम्या कॅनांकडे बघत बसायचो. तेव्हा वडिलांसोबत चालायला नाही म्हणायला मला तोंडच नव्हतं.

पहिल्या दिवशी मी विचारलं, "दादा, कुठं जायचं?"

"बीड बघायला."

मला हसू आलं. या माणसानं निम्म्या जिल्ह्याला बीडला आणून सोडलं असेल. पण ते गंभीर होते. "स्टँड सोडून मी बीड पाह्यलंच न्हाई, बाई. गाडी लागली की चहा प्यायचा, नोंद करायची अन् मागं फिरायचं. आता समदं बघणार. गल्ली न् गल्ली."

पहिला आठवडा आम्ही बिंदुसरेच्या पुलापर्यंतच पोचायचो. नदीत थेंब नव्हता. पोरं पात्रात क्रिकेट खेळायची. दादा कठड्याला टेकून दम घ्यायचे आणि मी खांदा पुढे केला की काठीनं तो बाजूला सारायचे. दुसऱ्या आठवड्यात कोतवाली वेस आली.

वेशीखालून मी चार वर्षं जा-ये करत होते. ऊन लागत नाही एवढंच मला तिच्याबद्दल ठाऊक होतं. दादा मात्र मधोमध थांबले आणि मान वर करून कमान बघत राहिले. मागून सायकलवाले घंट्या वाजवायला लागले तरी हलेनात. तेव्हा कडेला सावलीत बसलेल्या एका म्हाताऱ्यानं विचारलं, "क्या देखरे साब?"

"वरचे दगड पडत कावून न्हाईत, ते बघतोय."

म्हातारा खूश होऊन उठला. तो गवंडी होता, आता डोळ्यांमुळे काम सुटलेला. त्याच्या बापानं म्हणे याच वेशीची डागडुजी केली होती. "पत्थर कू पत्थर पकड़के है," तो म्हणाला आणि दोन्ही हातांची बोटं एकमेकांत अडकवून दाखवली. "एक निकालो, सब आते." मग त्यानं दादांचा हात धरून दगडांच्या सांध्यावर ठेवला. चुना घाण्यात कसा दळायचा, त्यात गूळ आणि बेलफळ कसं घालायचं, कमानीखालचं आधाराचं लाकूड किती दिवसांनी काढायचं, सगळं सांगितलं. त्या दिवसापासून हे गवंडी चाचा आमच्यासोबत चालायला लागले. ते डोळ्यांनी अधू, दादा पायानं. दोघं मिळून एका धडधाकट माणसाइतकं बघायचे.

चाचांमुळे मला शहर दिसायला लागलं. एखाद्या घराचं दगडी जोतं जुनं आणि वरच्या विटा नव्या, म्हणजे मधे कधीतरी पूर येऊन गेलाय. माळवदाच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या घरात उन्हाळ्यातही गार का वाटतं, हे त्यांनी एका बाईला विचारून आत नेऊन दाखवलं. त्या बाईनं तसल्या टंचाईतही आम्हाला अर्धा अर्धा तांब्या पाणी दिलं. बोळ वाकडी का, विचारलं तर म्हणाले, वारा सरळ घुसू नये म्हणून. खरं खोटं त्यांनाच ठाऊक. पण त्यानंतर कुठल्याही वळणावर मी आधी वाऱ्याचा अंदाज घ्यायला लागले.

दादा मात्र प्रत्येक मोहल्ल्यात एकच गोष्ट विचारायचे. "इथं कुठं बारव हाय का? उतरायला पायऱ्या, वर कमान, आत भिंतीत तीन देवळ्या. काठाला लिंब."

अशा पायऱ्यांच्या विहिरी लोकांनी दाखवल्याही. एक बुजवून तिच्यावर पिठाची गिरणी उभी होती. दुसरीत कचरा इतका की कमान जेमतेम गुडघाभर उरलेली. दादा वाकून बघायचे आणि "ही न्हवं" म्हणून पुढे निघायचे. मी दोनदा विचारलं, का शोधताय? "एकदा पाह्यलती" एवढंच उत्तर. मला राग यायचा. चालून चालून त्यांचा पाय सुजायला लागला होता.

"दादा, आठवडाभर थांबू," मी म्हणाले.

"थांबलो तर पाय कायमचाच थांबल."

दोनेक महिन्यांनी चाचा एका सकाळी घाईघाईनं खोलीवर आले. नदीपलीकडे पेठेत एका मजूर सहकारी संस्थेनं जुनी बारव उपसायला घेतली होती. टँकर चार चार दिवस येत नसल्यानं मोहल्ल्यानंच मागणी लावून धरली होती. तीन देवळ्या मातीतून वर आल्या, असं चाचांच्या नातवानं पाहिलं होतं.

आम्ही लगेच निघालो. दादा त्या दिवशी पुलावर दम घ्यायलाही थांबले नाहीत.

बारवेच्या तोंडाशी गाळाचे ढीग पडले होते. बायका-माणसांची रांग पायऱ्यांवर उभी होती आणि घमेली हातोहात वर येत होती. लिंब नव्हता, त्याचं खोड होतं. दादांनी कमान पाहिली, देवळ्या पाहिल्या आणि काठी दोन्ही हातांत घट्ट धरली.

"हीच," ते म्हणाले.

मग मला त्यांनी जे सांगितलं ते मी आधी कधीच ऐकलं नव्हतं. ते सात-आठ वर्षांचे असताना, निजामाच्या राजवटीत, त्यांची आई त्यांना घेऊन कामाच्या शोधात बीडला आली होती. तेही दुष्काळाचंच वर्ष. पाण्यासाठी दोघं या बारवेवर यायची. आपल्या लोकांना पायरी उतरायची मनाई होती. लिंबाखाली घागर ठेवून बसायचं. खालून पाणी घेऊन येणाऱ्या कुणाला दया आली तर तो वरून, लांबून ओतायचा. "एकदा सकाळपासून बसलतो," दादा म्हणाले. "दुपारपत्तोर कुणी ओतलं न्हाई. माय म्हणली, आत किती पाणी हाय ते तरी दिसतंय का रं? मी म्हणलं, न्हाई दिसत. देवळ्याच दिसायच्या तिथून."

छप्पन साली, ऐन तारुण्यात घेतलेल्या बौद्ध धम्मदीक्षेबद्दल त्यांनी आम्हाला हजारदा अभिमानानं सांगितलं होतं. हे मात्र कधी नाही.

"मी खाली जाणार," ते म्हणाले.

कामावरची मुकादम एक दणकट बाई होती. तिनं दादांच्या पायाकडे पाहिलं. "काका, गाळानं पायऱ्या लई निसरड्या झाल्यात. पडलाव तर?"

"पडलो तर तुमी हाईतच की समदे."

ती हसली आणि तिनं रांगेला एका बाजूला सरकायला लावलं. मी पुढे उतरत होते, चाचा वर थांबले होते. दादा उजवा पाय खाली टेकवायचे, काठी रोवायचे, मग डावा पाय ओढून आणायचे. मधल्या टप्प्यावर ते एका देवळीपाशी थांबले आणि तिच्यावरून हात फिरवला. आत काही नव्हतं, ओली माती होती. शेवटच्या पायरीवर ते खाली बसले. तळाला जेमतेम घोटाभर पाणी झिरपत होतं, गढूळ. त्यांनी दोन्ही पाय त्यात सोडले. मजूर काम थांबवून बघत होते. ते कुणाकडेही बघत नव्हते.

वर येताना पाचव्या-सहाव्या पायरीवरच डावा पाय लुळा पडला. मी धरायला गेले. वरून मुकादम ओरडली, "थांबा, दोघंजण येतेत. उचलून आणतो काकांना!"

"उचलायचं न्हाई," दादा म्हणाले. आवाज मोठा नव्हता, पण उतरायला लागलेली पोरं तिथंच थांबली. "मी येतो. येळ लागल."

त्यांनी काठी माझ्याकडे दिली, पाण्याकडे तोंड करून पायरीवर बसले, दोन्ही हात मागच्या पायरीवर टेकवले आणि स्वतःला वर ढकललं. मग पुढची पायरी. मग त्याच्या पुढची. कपडे चिखलानं भरले, तळहात सोलले. मधे मधे ते थांबायचे, घाम पुसायचे. मी बोलायला गेले तर मान हलवायचे. थोड्या वेळानं मुकादमीण रांगेला म्हणाली, "बघत काय बसलाव, घमेली येऊ द्या," आणि काम पुन्हा सुरू झालं. एका बाजूनं गाळ वर चालला होता, दुसऱ्या बाजूनं माझे वडील. मला रडू येत होतं, पण त्या सगळ्यांत रडणं शोभलं नसतं.

वर पोचले तेव्हा ऊन कलायला आलं होतं. चाचांनी आपल्या पंच्यानं त्यांचे हात पुसले. मुकादमिणीनं चहा मागवला आणि त्यातला पहिला कप दादांना दिला.

"पाणी लागतंय बरं का," दादा तिला म्हणाले. "डाव्या कोपऱ्यातून झिरपतंय. तिकडं अजून खाली जावा."

त्या कोपऱ्यात मजूर अजून खाली गेले. पंधरा दिवसांनी पेठेतल्या बायका स्वतः पायऱ्या उतरून घागरी भरायला लागल्या. पुढचा पाऊस बेताचाच झाला, तरी त्या बारवेत उन्हाळ्यापर्यंत पाणी होतं.

दादांचा पाय पूर्ण बरा कधीच झाला नाही. बीडच्या गल्ल्या संपल्यावर एके दिवशी मी संघातून आले तर खोलीला कुलूप. दिवेलागणीला दोघं आले, दादा आणि चाचा, धुळीनं माखलेले. एसटीनं जाऊन धारूरचा किल्ला बघून आले होते. मी खूप बोलले, दोघांनाही.

"तुला सुट्टी न्हवती," दादा म्हणाले आणि जेवायला काय केलंय ते विचारलं.