व्हॉइड चारची हवा

पोस्टिंगची ऑर्डर आली तेव्हा मी सुट्टीवर होतो, माझ्या गावी खटकचिंचोळीला, तुरीच्या राशीवर. सोमवारी सकाळी आठला शिपयार्डात हजर व्हायचं. कुठल्या शिपयार्डात ते सांगत नाही. सांगायची परवानगी नाही आणि आता हौसही उरली नाही. मी माणिक बिरादार. नेव्हीतून मास्टर चीफ म्हणून रिटायर झालो, आता बिदरला नौबादमध्ये राहतो. इथं डोक्यावरून दिवसभर शिकाऊ विमानं जातात, त्यामुळे इथल्या माणसाला वर्दी म्हणजे विमान. नेव्हीत होतो म्हटलं की विचारतात, कोणतं विमान चालवलं? पहिले काही महिने मी समजावून सांगत होतो. आता नुसती मान हलवतो.

काम काय होतं ते आधी सांगतो. कॉर्व्हेट म्हणजे लहान लढाऊ जहाज. आमच्या कॉर्व्हेटवर क्षेपणास्त्रं बसणार होती: वेगानं जायचं, मारा करायचा, परत यायचं. एका ड्रॉइंगवर बांधलेल्या जहाजांना मिळून क्लास म्हणतात. हा क्लास नवा होता आणि आमच्या वाट्याला त्याचं पहिलं जहाज आलं होतं. यार्ड बांधणार, आम्ही नेव्हीचे लोक त्यांच्या उरावर बसून प्रत्येक जोड तपासणार. माझं खातं पोलादाचं. प्लेटा, वेल्डिंग, टाक्या. क्लासचं पहिलं जहाज म्हणजे पहिलटकरीण. कुठं अडेल ते कुणाला ठाऊक नसतं आणि सल्ला द्यायला सगळं गाव जमतं.

सकाळी पावणेआठला हजेरी. आठ ते एक राऊंड. दुपारी कागद. लाँचरची बैठक मोजायची असेल तर सकाळी सहालाच, कारण ऊन चढलं की डेकचं पोलाद एका बाजूनं फुगतं आणि माप खोटं येतं. असं तीन वर्षं चाललं. ड्रॉइंग यायचं, त्याप्रमाणे काम व्हायचं, मग वरून सुधारलेलं ड्रॉइंग यायचं आणि केलेलं काम कापून काढायचं. त्या जहाजाला आम्ही जितकं बांधलं तितकंच तोडलं असेल.

त्या यार्डात पहिल्याच आठवड्यात मला मागून आवाज आला, ‘‘आरं, ही केबल इकडनं कामून घेतलास?’’ हजार माणसांच्या यार्डात कुणीतरी ‘का’ न म्हणता आमच्याकडचं ‘कामून’ म्हणालं. मी वळलो. चीफ आर्टिफिसर धनराज सूर्यवंशी, शस्त्रांच्या खात्यातला तंत्रज्ञ. गाव मादन हिप्परगा, आळंद तालुका. माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी लहान. त्या दिवसापासून मी त्याचा अण्णा झालो. जेवायला आम्ही एकत्र. त्याची बायको सुजाता गावाकडं हायस्कुलात शिकवायची. ती पार्सलनं शेंगाची चटणी पाठवायची आणि हा अर्धा डबा माझ्यापुढं सरकवायचा. तो मला म्हणायचा, तुमचं पोलाद वाकडं हाय म्हणून माझं लाँचर बसंना. मी म्हणायचो, लाँचर आलंय कुठं बसायला? आणि ते खरंच आलेलं नसायचं.

दुसऱ्या वर्षी क्षेपणास्त्र बदललं. नवं जास्त वजनाचं. मग लाँचरखालचा डेक मजबूत करणं आलं. त्या डेकखाली व्हॉइड नंबर चार होता. व्हॉइड म्हणजे रिकामी, बंद, पोलादी खोली. वरून एक मॅनहोल, दुसरं दार नाही. त्या खोलीत मधोमध एक उभी प्लेट वेल्ड केली, डेकला टेकू म्हणून. प्लेटला खाली माणूस सरपटत जाईल एवढं भोक ठेवलं. म्हणजे एका खोलीच्या दोन झाल्या. ते वेल्डिंग मी स्वतः पास केलं. नंतर पुढचं ड्रॉइंग येईना. रंग न देताच मॅनहोल बोल्ट मारून बंद केलं. चौदा महिने ते तसंच राहिलं.

गावाकडच्या माणसाला पुढचं सांगायला सोपं जातं. बंद पडलेल्या विहिरीत गाळ काढायला उतरायच्या आधी आपण कंदील सोडतो. विझला तर कुणी उतरत नाही. बंद पोलादाच्या खोलीतही तेच होतं. ओलीनं पोलाद गंजतं, आणि गंज हवेतला ऑक्सिजन खातो. वास येत नाही, धूर दिसत नाही. माणूस दोन-तीन श्वास घेतो आणि पडतो. जहाजात कंदील चालत नाही, म्हणून ऑक्सिजन मोजायचं मीटर असतं. आमच्या टीमकडं दोन होती. त्या आठवड्यात एक तपासणीला गेलेलं होतं.

शेवटी ड्रॉइंग आलं. लाँचरची बैठक आणि खालची प्लेट एका रेषेत आहेत का ते मोजायचं होतं. तीन वाजता दिल्लीहून पाहुणे येणार होते, त्याच्या आत; म्हणून सकाळी सहाची रीत त्या दिवशी सोडली.

आठ वाजून दहा मिनिटांनी मॅनहोल उघडलं. ब्लोअर लावला. दोन तास हवा दिली. दहा वीसला मी मीटरची नळी तळापर्यंत सोडली. ऑक्सिजन एकवीस टक्क्यांच्या जरा खाली, म्हणजे चांगली हवा. मॅनहोलजवळच्या पाटीवर उतरायच्या परवानगीचा फॉर्म असतो, त्यावर रीडिंग आणि वेळ लिहून सही केली. पाटीवर एका व्हॉइडला एकच चौकोन होता. फॉर्म जुन्या ड्रॉइंगवरून छापलेला, त्यात व्हॉइड चार ही एकच खोली होती. मला ठाऊक होतं की आता ती दोन आहे. प्लेटमागं हवा पोचली नसणार हेही डोक्यात आलं होतं. उतरून पलीकडचं रीडिंग घ्यायचं मी ठरवलं होतं. तेवढ्यात ऑफिसातून फोन: पाहुण्यांसाठी यादी करायची आहे, टीमचे कमांडर साहेब बोलावतायत. मी गेलो. पाटी तशीच ठेवली. दहा मिनिटांचं काम म्हणून गेलो, पन्नास मिनिटं टाइप करत बसलो.

अकरा सातला धनराज आला. पाटी वाचली. बाहेर पहाऱ्यावर यार्डाचा एक वयस्क फिटर होता. रीत अशी की बाहेरच्यानं दर दोन मिनिटांनी पोलादावर हातोडी मारायची आणि आतल्यानं उलट ठोकायचं. फिटरनं नंतर सांगितलं, चीफनं पाटीवरची सही बघितली, अण्णांनी बघितलंय म्हणाले आणि उतरले. अकरा नऊला उलट ठोका आला. अकरा अकराला आला. अकरा तेराला आला नाही.

ऑफिसात वायरलेस सेट वाजला.

‘‘कंट्रोल, व्हॉइड फोर. आतून जवाब नाही. ओव्हर.’’

‘‘व्हॉइड फोर, कंट्रोल. आत कोण?’’

‘‘चीफ सूर्यवंशी.’’

मी पळालो. जिना, गँगवे, डेक. अकरा सोळाला मॅनहोलवर पालथा पडलो आणि आत टॉर्च मारला. प्लेटच्या भोकातून त्याचे बूट अलीकडं आलेले दिसत होते. उरलेला माणूस पलीकडं. पालथा पडलो तेव्हा छातीवरच्या खिशातलं काहीतरी बरगडीत रुतलं. मीटर होतं. टीमकडं कामाचं एकच मीटर, ते मी खिशात घालून यादी टाइप करत होतो.

मी पाय आत सोडले. मागून कमांडर साहेबांनी कॉलर धरली.

‘‘बिरादार, नो एन्ट्री.’’

‘‘सर, बूट दिसतायत. ओढतो.’’

‘‘बीए सेट येईपर्यंत कोणी उतरणार नाही. ऑर्डर आहे.’’

बीए सेट म्हणजे पाठीवरचा हवेचा सिलिंडर आणि मास्क. तयार जहाजावर तो हाताशी असतो. अर्ध्या जहाजावर नसतो. आमचे जेट्टीच्या पलीकडं फायर पोस्टवर होते. ऑर्डर बरोबर होती. अशा जागेत वाचवायला उतरणारा दुसराही मरतो, हे मीच कित्येकांना शिकवलं होतं. मी थांबलो. तेरा मिनिटं मी त्या बुटांवर टॉर्च धरून उभा होतो. ब्लोअर चालूच होता, त्याची हवा बुटांपर्यंत येत होती. कमांडर साहेबांचं तोंड मला पुढं कधी बघवलं नाही. त्यांचा त्यात काडीचा दोष नव्हता. राग माझाच मला येत होता आणि तो टाकायला जागा नव्हती.

अकरा एकोणतीसला सेट आले. अकरा चौतीसला त्याला बाहेर काढलं. अकरा बावन्नला डॉक्टरांनी हात थांबवले. तीनला पाहुणे आले. त्यांना पुढची बाजू दाखवून चहा दिला.

त्याला मादन हिप्परग्याला मी घेऊन आलो. भंतेजी आले, त्रिशरण-पंचशील झालं, नेव्हीच्या लोकांनी सलामी दिली. सुजाता एका जागी बसून होती. 

तीन आठवड्यांनी चौकशी बसली. फॉर्म भरला होता का? हो. ब्लोअर लावला होता का? हो. किती वेळ? दोन तास. रीडिंग घेतलं होतं का? हो. मी म्हणालो, सर, तिथं प्लेट होती हे मला ठाऊक होतं. समोरचे साहेब म्हणाले, फॉर्मवर प्लेटचा उल्लेख आहे का? नाही. मग विचारलं तेवढंच सांगा. मी विचारलं तेवढंच सांगितलं. मीटर कुठं होतं हे कुणी विचारलं नाही आणि मी बोललो नाही. रिटायरमेंटला सात महिने होते. भ्यालो, दुसरं काय. निकालात लिहिलं की बिरादार यांनी नियम पाळला. सूर्यवंशी यांनी स्वतःजवळ मीटर न बाळगता न तपासलेल्या भागात प्रवेश केला. मृत्यू त्यांच्या स्वतःच्या चुकीनं झाला.

तो कागद सुजाताकडं गेला. ती शिकवणारी बाई, तिनं शब्दन् शब्द वाचला. मी भेटायला गेलो तेव्हा सकाळचे दहा वाजले असतील. तिनं पाणी दिलं, कागद पुढं ठेवला आणि बोट एका ओळीवर टेकवलं.

‘‘अण्णा, मीटर जवळ न्हाई म्हणून लिहिलेत. मग मीटर कुठं होतं?’’

एवढे साहेब बसले होते, त्यांना हे सुचलं नव्हतं.

‘‘माझ्या खिशात,’’ मी म्हणालो.

तिनं कागदाची घडी घातली. मला वाटलं, आता ही उठून चार शिव्या देईल. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मी सगळं सांगितलं: प्लेट, चौकोन, यादी, पन्नास मिनिटं. 

मग म्हणाली, ‘‘हे तुमीच सांगत ऱ्हावा. मी सांगलं तर लोक म्हणतेत, बायकू हाय म्हणून म्हणायली.’’

‘‘व्हय,’’ मी म्हणालो.

त्याच आठवड्यात मी लिहून दिलं, सहीनिशी. उत्तर आलं की प्रकरण बंद झालं आहे. पुन्हा लिहिलं, तेच उत्तर आलं. तिसऱ्या वेळी उत्तरच आलं नाही. स्वतःसाठी शिक्षा मागणारा मी पहिलाच असेन; तीही मिळाली नाही. जहाज पुढं दीड वर्षानं नेव्हीत दाखल झालं. बँड, झेंडे, भाषणं, सगळं मी नौबादला टीव्हीवर बघितलं. पुढं त्यातून क्षेपणास्त्र सुटलं, लक्ष्याला लागलं, असं पेपरात वाचलं. प्लेट मजबूत आहे, लाँचर एका रेषेत आहे. त्याच क्लासच्या पुढच्या जहाजांचा फॉर्म बदलला का, हे मी दोनदा विचारलं. कळवतो म्हणाले.

माझ्या गावातल्या शाळेनं स्वातंत्र्यदिनाला दोन वर्षं बोलावलं. मी धनराजचं सांगितलं, मीटरसकट. दुसऱ्या वर्षी हेडमास्तर बाजूला घेऊन म्हणाले, लेकरांना हुरूप येईल असं काही सांगा की, क्षेपणास्त्र कसं सुटतं ते सांगा. मी म्हणालो, सुटताना मी बघितलेलं नाही. तिसऱ्या वर्षी त्यांनी दुसऱ्याला बोलावलं. विमानवाल्याला.

म्हणून लिहून ठेवतो. चीफ आर्टिफिसर धनराज सूर्यवंशी, वय एकेचाळीस, मादन हिप्परगा. अकरा वाजून सात मिनिटांनी व्हॉइड चारमध्ये उतरला. पाटीवरची परवानगी वाचून उतरला. परवानगी मी लिहिली होती आणि ती अर्धी होती. सुजाता आता मला काही विचारत नाही. तिच्या कपाटातल्या कागदावर अजून त्याचीच चूक आहे.