बाईच्या नावानं दावा

जगातली सगळी माणसं वस्तू स्वस्तात मिळाली की खूश होतात. आमच्या आत्याला मात्र स्वस्ताईचा राग येतो. कॉलेजसाठी मी शाहूपुरीत तिच्या एका खोलीत राहायला आले, तेव्हा हे समजायला मला थोडा वेळ लागला. मेथीवालीनं पेंडीचे दहा रुपये सांगितले, की आत्या तिलाच झापते, "दहाला? रान काय फुकट पिकवतंय व्हय तुला?" एसटीत बायकांना अर्धं तिकीट झालं, तर ती कंडक्टरशी भांडली, "मी काय अर्धी हाय?" कंडक्टर म्हणाला, "मावशी, ते सरकारला विचारा." पूर्ण तिकिटाचे पैसे पुढं धरून ती तशीच बसली आणि मागच्यांची तिकिटं खोळंबली. तिला मूलबाळ नाही. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली. शिवणाच्या मशीनवर पोट आहे, आणि ब्लाउजची शिलाई मात्र ती गल्लीत सगळ्यांत कमी घेते. याचा मेळ मला अजून घालता आलेला नाही.

कबनूरला आजोबांची यंत्रमागाची शेड आहे. आजोबांच्या माघारी ती सगळीच वडिलांच्या चुलतभावानं दाबली, म्हणून माझे वडील आणि काका वकिलांकडे गेले. वकील म्हणाले, वाटणी मागायची तर शेडची बाजारभावानं किंमत धरायची आणि आपल्या हिश्श्याच्या किमतीवर कोर्ट फी भरायची. आकडा ऐकून दोघं उठायलाच लागले. मग वकिलांनीच वाट दाखवली. मालमत्तेच्या वादात बाईनं दावा लावला तर तिला फी माफ असते. बहिणीला वादी करा, तुमची नावं प्रतिवादी म्हणून नावापुरती घालू. एरवी फक्त भाऊबीजेला येणारे भाऊ आडदिवशी साडी आणि पेढे घेऊन आमच्या खोलीवर आले. आत्यानं साडीचा काठ चिमटीत धरून पाहिला. "भारीतली हाय," ती म्हणाली. "काम बी तसंच असणार."

इचलकरंजीला वकिलांच्या ऑफिसात दावा वाचून दाखवायला मला नेलं होतं, कारण घरात कॉलेजपर्यंत गेलेली मी पहिलीच. शेडची किंमत वडिलांनी सवयीनं कमी सांगितली होती. आत्यानं मला तिथंच थांबवलं. "पत्रं गंजलेलं असंल, पण जागा रस्त्याकडंची हाय की. माझ्या बाची शेड हाय ती, कोंबड्याचं खुराडं न्हवं."

"मावशी, किंमत वाढली की फी वाढते," वकील म्हणाले. "अर्थात तुम्हाला माफच आहे म्हणा."

"मग फुकटात बी हात आखडताय व्हय?"

वकील हसले आणि त्यांनी खरी किंमत धरली. पुढचं वाक्य वाचताना मी जरा अडखळले. वादी ही मयताची मुलगी असून तिचा भावांइतकाच समान हिस्सा आहे, असं लिहिलं होतं. आत्यानं ते पुन्हा वाचायला लावलं. मग भावांकडे वळून विचारलं, "हे तुमी लिवायला सांगितलंय?"

"लिवावंच लागतंय गं आक्का," वडील म्हणाले. "त्याबिगर दावा चालत न्हाय. निकाल लागला की तुझा वाटा आमाला सोडल्याचं हक्कसोडपत्र करून दे, म्हंजे झालं."

"खरं हाय म्हणून लिवलंय, का फी वाचती म्हणून?"

वकिलांनी पेन पुढं सरकवलं. तिनं सही केली. पण तेव्हापासून हक्कसोडपत्राचं नाव निघालं की ती मशीन जोरात चालवायला लागते. भावांना दावा मागंही घेता येईना, कारण वादी तीच. काका म्हणाले, "वाटा पायजे का भाऊ पायजेत, ठरव." त्या वर्षी भाऊबीजेला कुणी आलं नाही. ओवाळणीचं ताट तयार ठेवून ती दिवसभर मशीनवर बसली होती. शिवलं काहीच नाही. वडिलांनी मला फोन केला, "तू शिकलेली हाईस, समजाव तिला." काय समजवायचं, तेच मला समजेना. मलाही एक भाऊ आहे.

भाऊ आता तिला दिसतात ते फक्त कोर्टाच्या तारखेला. त्या दिवशी ती तीच भारीतली साडी नेसते आणि पहाटे उठून झुणका-भाकरीचा मोठा डबा करते. काका तिच्याकडे बघतही नाहीत. ती डबा व्हरांड्यातल्या बाकावर ठेवून लांब जाऊन उभी राहते. मग थोड्या वेळानं वडील पाठमोरे बसून जेवतात. एकदा ते भिंतीकडे बघून म्हणाले, "मीठ कमी पडलंय." परतीच्या एसटीत आत्या एवढंच घोकत होती, आणि त्या दिवशी तिनं अर्धं तिकीट काही न बोलता घेतलं.

गेल्या तारखेला वकील खुशीत बाहेर आले. आता पुढच्या एक-दोन तारखांत निकाल लागेल, आपल्याच बाजूनं लागेल, म्हणाले. व्हरांड्याच्या टोकाला नळावर वडील तिचा डबा विसळत होते. आत्या बराच वेळ तिकडे बघत राहिली. मग तिनं वकिलांना जरा बाजूला घेतलं.

"एवढी घाई कुणाला हाय, साहेब," ती हळूच म्हणाली. "अजून थोड्या तारखा पडू देत की."