पेंडीचा भाव उतरेपर्यंत

कश्मिरा पानसे खोटं बोलायला लागली ती सप्टेंबरात, आणि तेही इतक्या गोडीनं की पहिले काही आठवडे ते खोटं आहे हे तिच्या मनालाही शिवलं नाही.

मूळची ती चिंचवडची. लग्नानंतर गौरवबरोबर बहरीनला आली. गौरव बँकेत. हिनं आधी नईममध्ये, घराजवळच्याच एका आयातीच्या ऑफिसात काम केलं आणि मग नजीब यांच्या कोंबडीखाद्याच्या कारखान्यात खरेदीला लागली. त्यालाही आता चौदा-पंधरा वर्षं झाली. या बेटावर सोयाबीन पिकत नाही. पण सोयापेंड, म्हणजे दाण्यातून तेल काढल्यावर उरतो तो चोथा, तिच्याशिवाय कोंबडीच्या खाद्याला कस येत नाही. ती समुद्रावरूनच यायची. हिद्दच्या बंदरात कंटेनर उघडला की कश्मिरा चिमूटभर पेंड तळहातावर चोळून वास घ्यायची. अमेरिकन पेंड तिच्या खास मर्जीतली. भाव चढा असे, पण दर खेपेला माल सारखा.

ऑगस्टच्या रणरणत्या उन्हात लॉइड आला. साउथ डकोटाचा सोयाबीनवाला, साठी उलटलेला, मानेवर उन्हानं भाजलेले पट्टे. तिकडच्या शेतकऱ्यांनी मिळून तेल-पेंडीची गिरणी काढली होती, तिच्या संचालक मंडळावर तो होता. बाब अल बहरीनच्या सूकमध्ये, म्हणजे जुन्या बाजारात, बायकोसाठी ओढणी घेऊन झाल्यावर, गाडीत बसता बसता तो म्हणाला, "आमच्याकडचा बराचसा दाणा रेल्वेनं पश्चिम किनाऱ्याला जातो आणि तिथून चीनला. या वर्षी आयातकराच्या भांडणात चीननं नव्या पिकासाठी एक जहाजही सांगितलेलं नाही. आणि पीक तर झकास आलंय. त्याचीच धास्ती वाटते."

"आमचा देश केवढासा," कश्मिरा म्हणाली.

"माहीत आहे. आमच्या एका तालुक्याचा मालसुद्धा तुम्हाला जड होईल. पण कुणीतरी 'हो' म्हटलं की दुसऱ्यालाही म्हणावंसं वाटतं."

बुदैयाला नजीब यांचा पोल्ट्री फार्म होता. तिथे त्यांनी लॉइडला कॉफी पाजली, खजूर पुढे केले आणि हिवाळ्याचा सगळा माल तुमच्याच गिरणीचा घेऊ, असं सांगितलं. लॉइड परत गेला, तशी त्यांनी कश्मिराला केबिनमध्ये बोलावलं.

"सही करायची घाई नको. त्यांना गिऱ्हाईक नाही. काढणी झाली की कोठ्या भरतील, पाठोपाठ मका दारात येईल. जागा करायला येईल त्या भावानं विकतील. तोवर तू त्याला फक्त धरून ठेव."

"आणि आपला साठा? जूनमध्ये काय झालं होतं ते..."

जूनमध्ये आखातावरून क्षेपणास्त्रं गेली होती, जहाजं बाहेर थबकली होती आणि कारखान्याच्या गोदामाची फरशी दिसायला लागली होती.

"जून गेला, खलास," नजीब म्हणाले. "पुरेल, इंशाल्ला."

लॉइड दर आठवड्याला फोन करी. त्याची सकाळ म्हणजे हिची दुपार टळलेली असे. काढणी सुरू झाल्याचं त्यानं सांगितलं. मग सांगितलं की गिरणीची वखार पेंडीनं भरत आली आहे. पेंड हलली नाही तर गिरणी बंद ठेवावी लागते, आणि गिरणी बंद म्हणजे शेतकऱ्यांचा दाणा घेणं बंद. "तुमच्या वाट्याची पेंड बाजूला ठेवलीय," तो म्हणे. "पुढच्या आठवड्यात नक्की," ती म्हणे. बायकोला ओढणी आवडली का, असंही ती विचारी.

हळूहळू त्यानं मालाबद्दल विचारणंच सोडलं. नुसतं हवामान सांगायचा. एकदा म्हणाला, शेजाऱ्याच्या यंत्रांचा लिलाव आहे, तिकडे निघालोय.

रात्री जेवताना तिनं हे गौरवला सांगितलं. "अगं, धंद्यात असंच असतं," तो म्हणाला. "सगळेच निगोशिएट करतात."

"तो निगोशिएट करत नाहीये, गौरव. तो वाट बघतोय."

ऑक्टोबरच्या मध्याला लॉइडनं सरळच विचारलं, "कश्मिरा, आज सांगशील का? संध्याकाळी आमची मीटिंग आहे."

काचेपलीकडे नजीब बसले होते. तिनं त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी मान हलवून नकार दिला.

"पुढच्या आठवड्यात," ती म्हणाली.

"बरं," लॉइड म्हणाला आणि त्यानं फोन ठेवला. त्या संध्याकाळी त्याच्या गिरणीनं वखारीतली सगळी पेंड आसपासच्या डुक्करपालनवाल्यांना पडत्या भावात देऊन टाकली. त्यानं स्वतःचा दाणाही मक्याला जागा करण्यासाठी काढून टाकला.

महिना संपता संपता बातमी आली, की अमेरिका आणि चीन यांचं जमलं, चीन पुन्हा खरेदी करणार. बाजार एकदम उसळला. नजीब यांनी घाईघाईनं चार ठिकाणी फोन केले. जुन्या भावात द्यायला कुणी तयार नव्हतं, आणि नव्या भावातही कंटेनर नव्या वर्षानंतर पोहोचणार होते. गोदामात पुन्हा फरशी दिसू लागली. नजीब यांनी मिश्रणातली पेंड कमी करून मका आणि कोंडा वाढवायला सांगितलं.

"कोंबड्यांना कळतं ते," कश्मिरा म्हणाली.

"महिनाभर काही होत नाही."

नोव्हेंबर सरत आला असताना बुदैयाहून शंभूचा फोन आला. शंभू कोरेगावचा. फार्मवरच्या शेड त्याच्याकडे होत्या. "ताई, एकदा येऊन बघून जावा. फोनवर सांगण्यासारखं न्हाई."

दुपारच्या शिफ्टमधून ती गेली. शेडच्या दाराशीच तिला जाणवलं, की नेहमीचा कलकलाट नाही. आतल्या कोंबड्या गप्प होत्या. कित्येकींच्या पाठी उघड्या पडल्या होत्या, पिसं उपटलेली, कातडी लालभडक. एका कोपऱ्यात सात-आठ जणी एकीभोवती जमल्या होत्या. ती पळत नव्हती, ओरडतही नव्हती. मान खाली घालून उभी होती आणि बाकीच्या सावकाश, शिस्तीनं तिला टोचत होत्या.

"अंगात कमी पडलं की असं करत्यात," शंभू म्हणाला. त्यानं त्या कोंबडीला उचलून बाहेर नेलं. हाताला लागलेलं रक्त पुसत परत आला. "लाल दिवे लावतो आजपासून. रक्त दिसलं न्हाई तर थांबत्यात म्हणे."

कश्मिरानं नजीब यांना तिथेच बोलावून घेतलं. ते दारात उभे राहिले, आत आले नाहीत. तिथूनच त्यांनी सौदीतल्या दम्मामच्या एका व्यापाऱ्याला फोन लावला आणि तो म्हणेल त्या भावाला कबूल झाले.

घरी जायच्या ऐवजी कश्मिरा तिथेच गाडीत बसली आणि तिनं लॉइडला फोन केला. फक्त खरं काय ते सांगायचं होतं. पुढचा आठवडा कधीच येणार नव्हता, भाव पडायची वाट पाहत तुम्हाला लटकवत ठेवलं, आणि ते मीच केलं, असं ती म्हणाली.

पलीकडे वाऱ्याचा आवाज येत होता.

"अंदाज आला होता," लॉइड म्हणाला. "इतकी वर्षं धान्य विकतोय. पण मीटिंगमध्ये बाकीचे सप्टेंबरातच विकू म्हणत होते. तेव्हा भाव जरा बरा होता. मी म्हटलं, थांबा, ती बाई शब्दाची पक्की आहे."

"म्हणजे आता मंडळावरचे तुम्हाला..."

"मी आता मंडळावर नाही." लॉइड म्हणाला. "जमीन एका कंपनीला कसायला दिली. त्यांना लागतात ती माणसं ते बाहेरून आणतात. तुझ्या कोंबड्या बऱ्या आहेत ना?"

ती हो म्हणाली. हे आणखी एक खोटं होतं.

दम्मामहून समुद्रावरच्या पुलावरून ट्रक आले, मिश्रण पूर्ववत झालं. पण शेडमधलं टोचणं थांबेना. पोट भरलेल्या कोंबड्याही आता एकीला निवडायच्या. शंभूनं दिवे काढले नाहीत. लाल उजेडात सगळी शेड एका रंगाची दिसे, आणि सकाळी दाराशी ठेवलेल्या टोपल्यात मेलेल्या कोंबड्या असत.

कश्मिरानं त्यानंतर कुणालाही ताटकळत ठेवायचं नाकारलं. नजीब यांना तिनं तसं तोंडावर सांगितलं. त्यांनी वाद घातला नाही. मात्र जानेवारीपासून बोलणी तेच करू लागले आणि तिच्याकडे बंदरावरून माल सोडवण्यापुरतं काम उरलं. दम्मामचा व्यापारी दर खेपेला थोडा कमी माल पाठवी आणि बोलता बोलता सहज विचारी, गोदामात सध्या किती आहे. नजीब हसून म्हणत, भरपूर आहे. बाहेर टेबलाशी बसलेल्या कश्मिराला तो आवाज ऐकू येई. हसणं दर वेळी थोडं आधी संपे.