डोंगेवाल्याचा बदला आन् आमचा नामदेव

सायकलच्या दुकानात फाटके ट्यूब जसे कोपऱ्यात जमा होते, तसेच किस्से बी जमा होते. फेकाले मन होत नाई, ठेवाले जागा नाई. मंग कोनी चहाले बसलं का एकेक काढाचा!

आरमोरीत माह्यं पंक्चरचं दुकान. मी चौथी शिकलो, पुढं मास्तरशी जमलं नाई. दोन हजार साल उलटून गेलं होतं तेव्हाची गोष्ट. नागपूरहून एक सेकंडहँड व्हिडिओ गेम आनला आन् दुकानातल्या टीव्हीले जोडून देला. लोकं पंक्चरले येत आन् गेमले बसत. मोठे मोठे बापे!

एक दिवस एक मास्तर हवा भराले आले. म्हने, "मिस्त्री, मिशीवाले मानसं गेम खेळून राह्यले, शोभते का हे?"

मी म्हनलं, "मास्तर, चाकात हवा भरली. डोक्यात पयलेच आहे. निंगा!"

*

गेम असा होता. एक हिरो, तलवारवाला. त्याले नदी पार करून देनारा एक डोंगेवाला. साइड कॅरेक्टर. म्हंजे सीडीच्या डब्बीवर ज्याचा फोटो नाई, तो. त्याचा लहान भाऊ डोंग्यात बसून हासत राहे. मंग लाल टोपाचा एक सरदार येते, गाव जाळते, त्यात भाऊ मरते. डोंगेवाला डोंगा सोडून देते, वल्ह्याले पातं बांधून भाला करते आन् सरदाराच्या मांगं लागते.

नामदेव पंक्चर घेऊन आला तेव्हा टीव्हीत नेमका तो भाऊ मरून राह्यला होता.

नामदेव तलावात मासे मारे. त्याचा सख्खा लहान भाऊ वसंता त्याच साली गेला होता. खांद्यावर जाळं घेऊन धुऱ्यानं, शेताच्या बांधावरून, तलावाकडे चालला होता. गावच्याच गंगारामनं धानाभोवती रानडुकरासाठी तार लावली होती, खांबावरच्या लाइनीवर आकडा टाकून. आकडा टाकला तेव्हा लोडशेडिंग होतं. लाइन नाई, तार ठंडी. सकाळी आकडा काढाचा गंगाराम भुलला. आन् लाइन कवा येईन ते कोन सांगते? आली. वसंता चिकटला.

पोलीस केस झाली, गंगाराम जमानतीवर सुटला. दोघाचं गाव एक, वाट एक, तलाव एक!

पंक्चर जोडून झालं तरी नामदेव उठे ना. इचारे, "मिस्त्री, मंग पुढं काय करते तो?"

"कोन, हिरो?"

"हिरो मरो! डोंगेवाला काय करते?"

*

तवापासून नामदेव रोज येऊन गेम खेळू लागला. आन् मी त्याच्यावर डोळा ठेवू लागलो!

काऊन का गेमचा शेवट मले मालूम होता. एका मोठ्या पुलावर डोंगेवाला सरदाराले गाठते, मारते, आन् तिथीच सोता बी मरते. हे नामदेवनं पाह्यलं तर हा गंगारामले सोडन का? गंगाराम गेला का हा जेलात. घरी बायको कमला, म्हातारी माय, आन् वसंताची बायको. कोन पोसन?

गेममधे मानसं बोलली का खाली इंग्रजी लिहून ये. ते वाचनारा एकच, पुंडलिक कंपाउंडर. त्याले म्या बाजूले घेऊन सांगतलं, "पुंडलिक, नामदेवले बदल्याचं एक अक्षर सांगतलं तर पंप घालीन डोक्यात."

दुसऱ्याच दिवशी टीव्हीत डोंगेवाला भाला हालवून दात खाऊन बोलला. नामदेव म्हने, "काय म्हनते?"

पुंडलिकनं पंपाकडे पाह्यलं. म्हने, "म्हनते… तब्येत सांभाळा."

"एवढा मोठा भाला घेऊन?"

"हो. आन् पानी उकळून प्या म्हनते."

नामदेव त्याच्याकडे पाहतच राह्यला. म्हने, "पुंडलिक, पेशंटची दवा तूच खाऊन राह्यला का बे?"

*

पूल जवळ आला का मी गुपचूप टेबलाखालून पिन उपटो. टीव्ही बंद! लोडशेडिंगचे दिवस, कोनाले काय समजते?

नामदेव बिचारा चूपचाप उठे, बिडी पेटवे, बाहेर उभा राहे. पुन्हा दुसऱ्या दिवशी हजर.

एक दिवस तसाच बाहेर उभा होता. बाजूच्या चक्कीवाल्याची चक्की धडधड चालू! समोरच्या हॉटेलात टेप वाजून राह्यला! नामदेव दारात आला आन् म्हने, "मिस्त्री, साऱ्या आरमोरीत लाइन आहे. तुह्यावरच नाराज आहे का?"

मी पुंडलिकवर वरडलो, "पिनीवर पाय कायले देऊन राह्यला बे!"

पुंडलिक तीन हात दूर बसून होता!

*

हा कुऱ्हाडीचा किस्सा. आजबी आठवला का अंगावर काटा येते.

नामदेव आला तो सायकलच्या कॅरियरले कुऱ्हाड बांधून.

"कुऱ्हाड कायले रे?"

"धार लावाले."

"धार कायले?"

"कुऱ्हाडीले धार कायले लागते, हे बी आता सांगू?"

मी म्हनलं, धारवाला गावाले गेला, ठेवून जा, मी लावून देतो. तो गेल्याबरोबर मी कुऱ्हाड पोत्यात गुंडाळून माळ्यावर फेकली. पुंडलिक म्हने, "मिस्त्री, एक जीव वाचवला गा तुमी!" आमी त्या खुशीत स्पेशल चहा मारला.

दुसऱ्या दिवशी कमला आली, डोक्यावर मासोळीचं टोपलं. दुरूनच वरडली, "मिस्त्री भाऊ, कुऱ्हाड कुठी आहे माही? घरात काडी नाई जाळाले! चूल ठंडी आहे कालपासून!"

मी मुकाट्यानं काढून देली. पन ते गेली नाई. टोपलं खाली ठेवलं, दाराशी बसली.

"भाऊ, गंगाराम वाटनं दिसला का हे जागच्या जागी उभेच राह्यते. बोलत नाई, हालत नाई. मी हाताले धरून घरी नेतो त्याहिले. घरातला एक गेला. आता याहिले नाई जाऊ द्याचं." मंग टीव्हीकडे बोट करून म्हने, "हे घरी सांगते तो डोंगेवाला शेवटी मरते का?"

माह्यानं खोटं बोलनं झालं नाई. "मरते बाई."

"साऱ्या दुनियेचं फुटलेलं जोडता तुमी. तेवढं नाई जोडता येत?"

टोपलं उचललं, गेली. मले राग आला. कोनावर, ते मले बी मालूम नाई. हातात एक चांगला, नवा ट्यूब होता. तो उगाच फाडून टाकला!

*

शेवटी एक दिवस झालंच. मी रिम घ्याले बाजारात गेलो, पुंडलिक दवाखान्यात. वापस आलो तर नामदेव एकटाच टीव्हीपुढं. पुलावर डोंगेवाला पडून, बाजूले सरदार पडून, आन् हिरो उभा.

नामदेव म्हने, "मेला."

"हो."

"सरदार बी मेला."

"हो."

"मंग त्याचा डोंगा कोनं नेला?"

मी म्हनलं, "ते दाखोत नाई गड्या."

"काऊन दाखोत नाई बे!" एवढ्या जोरानं वरडला का समोरचा हॉटेलवाला बाहेर आला. नामदेव सायकल तिथीच सोडून पायीच गावाकडे निंगाला.

त्याच्यानंतर तो दिसे ना! त्याच्या गावाकडचं जो कोनी हवा भराले ये, त्याले मी पयले इचारो, "गंगाराम आहे का?"

"आहे."

"जिता आहे?"

"मिस्त्री, भांग खाल्ली का गा?"

*

आन् मंग तो आठवडी बाजाराचा दिवस.

नामदेव सायकल घ्याले आला. सायकल घेतली नाई, येऊन टीव्हीपुढं बसला. मी बसलो, पुंडलिक बसला. तेवढ्यात दारात सावली पडली. पाह्यतो तं गंगाराम!

वाळून काटा झाला होता. टोपी हातात. म्हने, "नामदेव इथी बसते म्हनून आयकलं."

मी हळूच पाना उचलला. नामदेवनं मान नाई फिरवली. नुसतं म्हने, "बस."

गंगाराम बसला. नामदेवनं गेमचा दुसरा रिमोट त्याच्या मांडीवर ठेवला. त्या गेममधे दोन मानसायच्या फायटिंगचा एक भाग होता, त्यात कोनीबी घेता ये. नामदेवनं आपल्यासाठी डोंगेवाला घेतला. पुंडलिकले म्हने, "याले सरदार दे."

पुंडलिकनं सरदार निवडून देला.

फायटिंग चालू झाली. टीव्हीत डोंगेवाला भाला घेऊन उभा. नामदेवचा अंगठा बटनावर, पन दाबे ना. गंगारामनं उभ्या जिंदगीत रिमोट पाह्यला नव्हता. उलटाच धरला होता. घामानं हात ओला, रिमोट सरकाले लागला, म्हनून त्यानं घट्ट दाबून धरला. तसा सरदारानं वार केला. आनखी एक केला. डोंगेवाला खाली पडला. उठला नाई.

गंगारामनं रिमोट फेकला. "म्या काई नाई केलं गा! म्या पाह्यलं बी नाई! आपोआप झालं गा नामदेव!" आन् दोन्ही हात छातीशी धरून तो मांगं सरकत सरकत भिंतीले टेकला.

पाना माह्या हातात. पुंडलिकनं डोळे मिटून घेतले.

नामदेवनं पयल्यांदा गंगारामच्या तोंडाकडे पाह्यलं. पाहतच राह्यला. मंग खाली वाकून तो रिमोट उचलला, धूळ पुसली, सरळ करून पुन्हा त्याच्या हातात देला.

"पुंडलिक," नामदेव म्हने, "याले बटन दाखव बे. कोनतं दाबलं का काय होते, काईच मालूम नाई याले."