दारं कोण बसवणार

मिस्त्रींच्या दुकानात एक नियम होता. कपाट कुणीही कापावं, रंधा कुणीही मारावा, दारं मात्र गिऱ्हाइकाकडे जाऊन मिस्त्रींनीच बसवायची. त्याला कारणही होतं. कुठल्याच घरातली जमीन सरळ नसते. दुकानात गुण्यागोविंदानं मिटणारी दारं तिथे गेल्यावर एकमेकांशी भांडायला लागतात. शिवाय दारं बसली की गिऱ्हाईक उघडून बघतं, मिटून बघतं आणि "वा, मिस्त्री!" म्हणतं. ही वाहवा मिस्त्रींनी उभ्या हयातीत दुसऱ्याच्या पदरात पडू दिली नव्हती.

मुलगा शाळा सुटल्यापासून त्यांच्याच हाताखाली होता. हात फार चांगला होता त्याचा. बापानं तसं कधी म्हटलं नाही. खोट निघाली की मिस्त्री तोंड भरून बोलायचे, नाही निघाली की पुढचं काम सांगायचे. पोराला डोक्यावर बसवलं की ते कामातून जातं, असं त्यांचं मत होतं आणि ते बदलायला कुणी धजावलं नव्हतं.

मग डॉक्टरीणबाईंच्या दवाखान्याचं औषधांचं कपाट आलं. ते मुलानं आखण्यापासून पॉलिशपर्यंत एकट्यानं केलं. एका संध्याकाळी दुकानात कुणी नसताना मिस्त्रींनी त्याचे खण एकेक ओढून पाहिले. कुठे आवाज नाही, कुठे फट नाही. त्यांनी सगळे खण परत ढकलले आणि जेवायला गेले. पानावर बसून भाजीत मीठ कमी आहे, एवढंच बोलले.

दुसऱ्या दिवशी कपाट टेंपोत चढल्यावर मुलानं बिजागऱ्या फडक्यात गुंडाळून खिशात टाकल्या. "बाबा, या वेळी दारं मी बसवतो," तो म्हणाला.

मिस्त्रींच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. "बसव की. तू आता मालक झालास," म्हणाले आणि पाठ करून पटाशीला धार लावत बसले. टेंपो निघाल्याचा आवाज आला, तरी वळले नाहीत.

उतारावरच्या वळणावर टेंपो उलटला. ड्रायव्हरचा पाय मोडला. त्याच्या शेजारी बसलेला मुलगा जागच्या जागी गेला.

इस्पितळाच्या व्हरांड्यात पोलिसानं जबाब घेतला. मुलगा टेंपोत कशाला होता, असं त्यानं विचारलं. "असाच बसला होता," मिस्त्री म्हणाले. तसं का म्हणाले, हे त्यांना पुढेही कधी धड सांगता आलं नाही. तो दारं बसवायला चालला होता, असं म्हणायचं तर तो मालक झाला होता असंच म्हणावं लागलं असतं, आणि तो तर समोर पांढऱ्या चादरीखाली होता. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात. इथे मेला दुसराच आणि खोड तशीच राहिली.

भरपाईचा दावा लावला, तेव्हा टेंपोच्या विमा कंपनीनं नेमकं तेच वाक्य उचललं. दावा चालवणाऱ्या वकीलबाईंनी मिस्त्रींना आणि सुनेला समोर बसवून समजावलं, "मालाच्या गाडीत मालाबरोबर कामासाठी जाणारा माणूस गेला, तर भरपाई कंपनीनं द्यायची. फुकट बसलेला गेला, तर कंपनी हात वर करते. मग उरतो टेंपोवाला."

टेंपोवाल्याकडे मोडका पाय आणि मोडका टेंपो, याखेरीज काही नव्हतं. सून इस्त्रीच्या दुकानात उभी राहायला लागली होती. नात अजून शाळेतसुद्धा जात नव्हती. मिस्त्रींची नजर अधू होत चाललेली, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. भरपाई मिळाली नाही तर घर कशावर चालायचं, हा प्रश्न कुणी तोंडानं विचारत नव्हतं.

"बाबा, जे खरं ते सांगा," सून एवढंच म्हणाली.

कोर्टात कंपनीचा वकील अगदी मवाळ होता. पिंजऱ्यात उभ्या मिस्त्रींना त्यानं आधी बसायला खुर्ची हवी का, म्हणून विचारलं. मग म्हणाला, "मिस्त्री, तुमच्या दुकानात दारं कोण बसवतं?"

"मी."

"नेहमी?"

"नेहमी."

"मग त्या दिवशी मुलाचं टेंपोत काय काम होतं?"

मिस्त्रींनी पिंजऱ्याचा कठडा धरला. आयुष्यभर मिरवलेला नियम आता सुनेच्या आणि नातीच्या मुळावर उठला होता. त्यांनी सुनेकडे पाहिलं नाही.

"ज्याचं कपाट, त्यानं दारं बसवायची," ते सावकाश म्हणाले. "ते कपाट त्याचं होतं. मी त्याला हात लावला नव्हता. मला तसं जमलंही नसतं. तो दारं बसवायला चालला होता. असाच बसला होता हे मी रागानं बोललो."

"हे तुम्ही आधी कुणाला सांगितलं होतं?"

"नाही."

"मुलाला?"

"नाही," मिस्त्री म्हणाले. वकिलानं कागद चाळले आणि पुढे काही विचारलं नाही.

डॉक्टरीणबाईंनी येऊन साक्ष दिली, की दारं लावायला आपण येणार असं मुलानंच दुकानातून कळवलं होतं. खिशात सापडलेल्या बिजागऱ्यांचा पंचनामा होताच. न्यायाधीशांनी निकाल दिला: मुलगा कामावर होता, भरपाई विमा कंपनीनं द्यावी. वकीलबाईंनी सुनेच्या खांद्यावर हात ठेवला. सुनेला रडू आलं, पण त्यात सुटल्याचं रडूही होतं आणि ते तिला आवडलं नाही.

बाहेर बसथांब्याच्या बाकावर दोघं बसली. मिस्त्री चष्मा काढून हातात धरून होते.

"पोरी, मला ते कपाट आवडलं होतं, हे त्याला कळलं असेल का ग?"

एक 'हो' म्हटलं असतं तर भागलं असतं. पण खरं सांगा, असं तिनंच त्यांना म्हटलं होतं.

"नाही, बाबा. आदल्या रात्री मला विचारत होते, बाबा काही बोलले का म्हणून."

"मग तू काय सांगितलंस?"

"मी म्हटलं, उद्या दारं बसू देत. मग बोलतील."