भाड्याचा टोप

"गिटार ठेव खाली. हे घाल डोक्यात."

समितीच्या माणसानं मोरपिसांचा टोप माझ्या अँपवर फेकला. असे चार टोप होते. नांदेडच्या भाड्यानं कपडे देणाऱ्या दुकानातून आणलेले. गॅदरिंगला पोरांना राजा नाहीतर वाघ करायला जिथून कपडे आणतात, तसलं दुकान. एका टोपाला दुकानाची चिठ्ठी तशीच चिकटलेली होती. अर्धी पिसं प्लास्टिकची.

तालुक्याच्या शाळेचं मैदान. दुपारचं ऊन. मांडव अर्धाच झालेला आणि आम्ही साउंडचेक करत होतो. आमच्या डोंगरी तालुक्यांचा नवा जिल्हा व्हावा म्हणून या समितीची सभा होती. बॅनरवर लिहिलं होतं, आदिवासींचा जिल्हा, आदिवासींना न्याय. समितीचे अध्यक्ष ठेकेदार. समितीत आदिवासी एकही नव्हता.

मी म्हणाले, "साहेब, आमचा रॉक बँड हाय. आम्ही गायला आलोत."

अध्यक्ष माइकजवळ आले. हसून बोलले. रागावून बोलले असते तर मला सोपं गेलं असतं.

"पोरी, गिटार तर पुण्याची पोरंबी वाजवतात. मग तुमाला कशाला बोलावलं? तुमी नाचायचं. बोलायला आमी हाव ना."

खुर्च्या लावणारेसुद्धा हसले.

आम्ही चौघं. मी गाते आणि गिटार वाजवते. ड्रमवर माझा चुलतभाऊ मारोती. बासवर एक कोलाम पोरगा, दुसऱ्या गिटारवर एक आंध. सगळे आदिवासी, नांदेडला वसतिगृहात राहून शिकलेले. बँडचं नाव 'काळा दगड'. माहूरच्या डोंगरात आमचा गुडा आहे, म्हणजे गोंडांची वस्ती, तिथं मातीपेक्षा काळा दगडच जास्त. गाणी गोंडीत आणि मराठीत, गिटार मात्र कानठळ्या बसवणारी. तीन वर्षं कॉलेजांतून वाजवत होतो. लोक आधी बावचळायचे, मग नाचायचे.

आता टोपाचं सांगते. दिवाळीच्या दंडारीत, म्हणजे आमच्या नाचाच्या सणात, असा टोप घालतो तो गुसाडी. टोप चढला की तो माणूस राहत नाही, देव होतो. त्या दिवसांत तो आंघोळ करत नाही. म्हातारेसुद्धा त्याच्या पाया पडतात. दंडारी संपली की टोप घरात उंच टांगून ठेवतात, पूजा केल्याशिवाय खाली काढत नाहीत. माझे बाबा गुसाडी होतात. आणि बाई कधीच गुसाडी होत नाही. अध्यक्षांना यातलं काही माहीत नव्हतं. माहीत करून घ्यायची गरजही वाटली नव्हती. त्यांनी पिसं बघितली आणि आदिवासी बघितले, झालं.

मग त्यांनी दुसरं वाक्य टाकलं. "सभा झाक झाली की उद्या तुमच्या गुड्यावर टँकर. आपला शब्द हाय."

त्या उन्हाळ्यात हापशातून नुसती हवा येत होती. आमच्या बाया पैनगंगेच्या कोरड्या पात्रात खड्डे उकरून वाटीवाटीनं पाणी भरत होत्या. लातूरला तर पाणी रेल्वेनं येत होतं. आमच्या गुड्यावर कोणती रेल्वे येणार होती?

मारोतीनं माझ्याकडे बघितलं. इथं खोटं लिहिणार नाही. पहिला टोप मी घातला. मग तिघांनी घातला.

संध्याकाळी स्पीकरवर कुठलंतरी झिंगालाला छाप गाणं लागलं आणि आम्ही नाचलो. गिटारी स्टेजच्या मागे ताडपत्रीखाली पडून होत्या. पाहुण्यांनी आमच्यात येऊन फोटो काढले. एकानं माझ्या टोपातलं पीस उपटून खिशात घातलं. दुसऱ्या दिवशी पेपरात आमचा फोटो आला, खाली लिहिलं होतं, आदिवासी बांधवांचे पारंपरिक नृत्य. आमची नावं नव्हती.

टँकर आला, मग रोज यायला लागला. शब्दाचा माणूस!

आमच्या घरात गोंडीच बोलतात, मी मराठीत सांगते. बाबांनी पेपर बघितला आणि एवढंच विचारलं, "कुणी घालायला लावला?" मी म्हणाले, "मीच घातला." त्यानंतर ते माझ्याशी आठ दिवस बोलले नाहीत. आई म्हणाली, "पाणी आलंय, आधी भर." मी भरलं. घागर डोक्यावर होती आणि मला टोपाचं वजन जाणवत होतं. इतकी लाज मला आयुष्यात कधी वाटली नव्हती.

मारोतीची एक सवय आहे. प्रत्येक साउंडचेक तो मिक्सरमधून रेकॉर्ड करून घेतो, नंतर चुका ऐकायला. त्या दिवशीचंही केलं होतं. आठवड्यानं त्यानं ते लावलं. माझे दोन सूर, ड्रमचा ठोका, आणि मग अध्यक्ष. माइकला खेटून उभे होते, त्यामुळे श्वाससुद्धा ऐकू येत होता. "तुमी नाचायचं. बोलायला आमी हाव ना." मग खुर्च्यांचा आवाज आणि ते हसू.

मी म्हणाले, "परत लाव." त्यानं परत लावलं. दहा वेळा लावलं असेल. पहिल्यांदा मला रडू आलं. शेवटी शेवटी मी ताल मोजत होते.

त्याचं आम्ही गाणं केलं. त्यात अध्यक्षांचं नाव नाही, गाव नाही. सगळं बंद पडतं, स्पीकरमधून फक्त अध्यक्षांचा आवाज येतो. मग मारोतीचा एक ठोका, आणि आम्ही चौघं ओरडतो, "कोण रे तू?" त्यावर गिटारी तुटून पडतात.

पहिल्यांदा नांदेडला वाजवलं. मग लातूरला. लातूरची पोरं पाण्याच्या रांगेतून उठून आली होती, अध्यक्ष कोण हे त्यांना माहीतही नव्हतं. पण तो आवाज आला आणि सगळं मैदान ओरडलं, "कोण रे तू?" ज्याला त्याला आपापला अध्यक्ष आठवला असणार. मला त्या दिवशी जो आनंद झाला तो काही चांगला आनंद नव्हता. पण झाला, पोटभर झाला.

गाणं मोबाइलवरून आमच्या तालुक्यात पोचलं. इथं आवाज ओळखायला कुणाला वेळ लागतो? आठवडी बाजारात अध्यक्षांची गाडी थांबली की भाजीच्या पालामागून कुणीतरी विचारायचं, "कोण रे तू?" एका सभेत भाषणाला उभे राहिले, तर मागून तोच प्रश्न.

मग ते स्वतः गुड्यावर आले. शाल, नारळ घेऊन. आमच्या अंगणात बाजेवर बसले.

"झालं गेलं सोड, पोरी. माज्या नातीला शाळेत पोरं चिडवायलेत. तेवढं गाणं काढून टाक."

नातीचं ऐकून वाईट वाटलं. तिचा काय दोष? पण आश्रमशाळेत साहेब यायचा असला की आम्हाला उन्हात नाचत उभं करायचे, तेव्हा मीही तेवढीच होते. माझ्यासाठी कुणी शाल घेऊन आलं नव्हतं.

मी म्हणाले, "माइकवर म्हणा."

"काय?"

"चुकलं म्हणा. त्याच मैदानात, लोकांसमोर. अंगणात न्हाई."

त्यांनी शाल घडी करून परत पिशवीत घातली. "टँकर बंद पडला तर मला सांगायला येऊ नको."

अख्ख्या गुड्याचं पाणी होतं ते, माझ्या एकटीचं नव्हतं. तेवढ्यात आई घरातून बाहेर आली. आयुष्यात पहिल्यांदा ती असल्या माणसापुढे बोलली.

"साहेब, पाणी मी आणते. ही न्हाई, हिचा बापबी न्हाई. करा बंद."

तिसऱ्या दिवशी टँकर बंद झाला. शेजारच्या दोन बाया अजून आमच्याशी बोलत नाहीत, आणि त्यांचं बरोबरच आहे. मी आईबरोबर पैनगंगेवर जाते, खड्डा उकरते, वाटीनं घागर भरते. बोटांना फोड आलेत, तार दाबली की फुटतात. तरी वाजवते.

शिकलेले लोक मला समजावतात. माफ कर, मोठी हो. ते मोठेपण त्यांनीच ठेवावं. नवा जिल्हा आज ना उद्या होईल. अध्यक्ष हार घालून पहिल्या रांगेत बसतील. आम्हाला बोलावणार नाहीत. आम्ही रस्त्यापलीकडे जनरेटर लावू आणि त्यांचा आवाज त्यांनाच ऐकवू. उठून घरी गेले तर घरासमोर ऐकवू.

माफीची वेळ त्यांनी अंगणात घालवली. आता माइकवर येऊन मागितली, तरी हे गाणं वाजणार.